बांधकामाची परिभाषा : शब्द कळले, तरच जाब विचारता येईल

३१ जुलै २०२३ ची मध्यरात्र उलटली आणि ठाणे जिल्ह्यातील शहापूर तालुक्यात सरळांबे येथे समृद्धी महामार्गावरील पुलाच्या कामावर काळाने घाला घातला. २० जणांनी प्राण गमावले. त्यातील बहुतेक जण पोटासाठी परराज्यांतून आलेले कामगार होते. दुसऱ्या दिवशी ही वार्ता राज्यभर पसरली ती मात्र निरनिराळ्या शब्दांत. कुणी म्हणाले क्रेन कोसळली, कुणी म्हणाले पूल कोसळला, तर कुणी गर्डर पडल्याचे सांगितले. वस्तुतः कोसळले होते ते गर्डर जागेवर बसविणारे ‘लाँचर’ नावाचे अजस्र यंत्र.

मृतांच्या नातेवाइकांना या शब्दभेदाशी काय देणेघेणे, असा प्रश्न कुणीही करील. परंतु दुर्घटनेला जबाबदार कोण, हा प्रश्न जेव्हा उपस्थित होतो, तेव्हा या शब्दांना वेगळेच वजन प्राप्त होते. पूल कोसळला असेल तर संकल्पचित्रे तयार करणारा अभियंता, काँक्रीटची प्रत, सळ्यांचे प्रमाण आणि देखरेख यांच्याकडे बोट दाखवावे लागते. क्रेन उलटली असेल तर चालक, उचललेले वजन आणि तिच्या पायाखालची जमीन तपासावी लागते. लाँचर कोसळला असेल तर प्रश्न आणखी निराळे होतात. तो खांबाला कसा जखडला होता, पुढे सरकविण्याचा क्रम पाळला गेला होता काय, त्याची भारचाचणी केव्हा झाली, रात्रपाळीत जबाबदार अभियंता हजर होता काय, हे विचारावे लागते. शब्द चुकला की प्रश्न चुकतो आणि प्रश्न चुकला की उत्तर देणाऱ्याची सहज सुटका होते.

मुंबई, पुणे, ठाणे, नागपूर ही शहरे आज अक्षरशः नव्याने बांधली जात आहेत. मेट्रो, उड्डाणपूल, भुयारी मार्ग, रस्त्यांचे काँक्रिटीकरण आणि जुन्या इमारतींचा पुनर्विकास यांमुळे बांधकामाची परिभाषा थेट शहरवासीयाच्या दारात येऊन ठाकली आहे. तथापि ती समजावून देण्याची जबाबदारी कुणाचीच नाही, असे चित्र दिसते.

कंपनीचे नाव, यंत्राची ओळख

या परिभाषेची गंमत यंत्रांपासूनच सुरू होते. मराठी माणूस माती उकरणाऱ्या कोणत्याही पिवळ्या यंत्राला ‘जेसीबी’ म्हणतो. जेसीबी हे मुळात १९४५ साली इंग्लंडमध्ये स्थापन झालेल्या कंपनीचे, तिच्या संस्थापकाच्या आद्याक्षरांवरून पडलेले नाव. ज्या यंत्राने ते घरोघरी पोहोचविले, त्याला अभियंते बॅकहो लोडर म्हणतात. रबरी चाके, पुढे भरणी करणारा मोठा सुपडा आणि मागे खोदणारा हात अशी त्याची रचना असते. ‘पोकलेन’ हेही एका फ्रेंच कंपनीचे नाव. आपल्याकडे ते साखळपट्ट्यांवर चालणाऱ्या आणि कमरेपासून पूर्ण गोल फिरू शकणाऱ्या उत्खनन यंत्राला चिकटले. वाळू आणि खडी वाहणाऱ्या अवजड डंपरला ‘हायवा’ म्हणतात तेही मागची पेटी उचलणारी यंत्रणा बनविणाऱ्या मूळच्या डच कंपनीच्या नावावरून. माल उचलून तो घेऊनच चालणाऱ्या छोट्या क्रेनचे ‘हायड्रा’ हे नावही असेच एका उत्पादनाच्या नावावरून रूढ झाले.

भाषेच्या दृष्टीने यात गैर काहीच नाही. लोकांना जो शब्द सोयीचा वाटला तो त्यांनी उचलला. अडचण येते ती कागदोपत्री. ग्रामपंचायतीच्या किंवा गृहनिर्माण संस्थेच्या देयकात ‘जेसीबीचे तास’ असे नुसते लिहिलेले असते. प्रत्यक्षात कोणते यंत्र आले होते, त्याच्या बादलीची क्षमता किती होती, हे त्यातून उमगत नाही. दोन यंत्रांचे तासाचे भाडे आणि तासाचे काम यांत मोठा फरक असतो. बिल मंजूर करणाऱ्याला तो ठाऊक नसेल तर फायदा कुणाचा होतो, हे सांगण्याची गरज नाही.

क्रेनच्या बाबतीत तर हे अज्ञान जिवावर बेतू शकते. ‘५० टनी क्रेन’ म्हणजे कोणत्याही स्थितीत ५० टन उचलणारी क्रेन, असा सर्वसाधारण समज असतो. हा आकडा प्रत्यक्षात बूम, म्हणजे क्रेनचा लांब हात, अगदी जवळ घेतलेला असतानाचा असतो. बूम जसजसा लांब आणि आडवा होत जातो, तसतशी उचलण्याची क्षमता झपाट्याने घटते. किती अंतरावर किती वजन चालेल याचा तक्ता प्रत्येक क्रेनबरोबर येतो. त्याला ‘लोड चार्ट’ म्हणतात. जमीन भुसभुशीत असेल किंवा क्रेनचे आधारपाय पूर्ण पसरलेले नसतील, तर तक्त्यातील आकडेही निरर्थक ठरतात. इमारत व इतर बांधकाम कामगारांसाठी १९९६ साली झालेला केंद्रीय कायदा आणि त्याखालील १९९८ चे नियम उचल यंत्रांची चाचणी, तपासणी आणि चालकाची पात्रता यांवर भर देत होते. परंतु तक्ता इंग्रजीत, चालक हिंदी भाषक, हाताने इशारा देणारा बंगाली आणि मुकादम मराठी, अशा कामावर हा नियम किती पाळला जात असेल, याची कल्पना केलेली बरी.

एम-२० म्हणजे काय?

यंत्रांइतकाच घोळ साहित्याच्या बाबतीत आहे. ‘सिमेंटचा पूल’, ‘सिमेंटचा रस्ता’ असे आपण सर्रास म्हणतो. सिमेंट ही केवळ जोडणारी भुकटी. वाळू, खडी, पाणी आणि सिमेंट यांचे योग्य प्रमाणात मिश्रण होऊन जे घट्ट होते ते काँक्रीट. काँक्रीट दाब उत्तम सोसते, पण ताणाला ते फार दुबळे असते. म्हणूनच त्यात पोलादी सळ्या घालाव्या लागतात. दोहोंच्या या भागीदारीला प्रबलित काँक्रीट, म्हणजेच सर्वांच्या परिचयाचे आरसीसी, असे म्हणतात.

निविदांमध्ये आणि सदनिकांच्या जाहिरातींमध्ये ‘एम-२०’, ‘एम-४०’ असे उल्लेख असतात. यातील एम म्हणजे मिश्रण. पुढचा आकडा त्याची ताकद सांगतो. १५ सेंटीमीटर बाजूचा काँक्रीटचा ठोकळा २८ दिवस पाण्यात मुरवून दाबयंत्राखाली ठेवतात आणि तो फुटेपर्यंत दाब वाढवीत नेतात. एम-२० प्रतीचा ठोकळा दर चौरस मिलिमीटरला २० न्यूटन, म्हणजे एकूण सुमारे ४५ टन भार सोसेल अशी अपेक्षा असते. एम-४० साठी हाच भार सुमारे ९० टनांवर जातो. काँक्रीट म्हणजे कारखान्यातून एकसारखी निघणारी वस्तू नव्हे. त्यामुळे चाचणीतील निष्कर्षांपैकी फार तर ५ टक्के या आकड्याच्या खाली यावेत, असे आयएस ४५६ ही भारतीय मानक संहिता गृहीत धरते.

हे एवढे जरी ठाऊक असले तरी नागरिकाच्या हाती एक साधा प्रश्न येतो, तो म्हणजे ‘ठोकळ्यांच्या चाचणीची नोंदवही दाखवा.’ काम उत्तम झाले, मजबूत झाले, उच्च प्रतीचे झाले, या विशेषणांना काहीही अर्थ नसतो. २८ दिवसांच्या आकड्याला असतो.

सळ्यांच्या बाहेर काँक्रीटचा जो थर राहतो त्याला ‘कव्हर’ म्हणतात. हा थर म्हणजे सळ्यांचे चिलखतच. तो पातळ राहिला, किंवा हवेतील कर्बवायू मुरत मुरत सळ्यांपर्यंत पोहोचला, की गंज धरतो. गंजलेले लोखंड फुगते आणि आतूनच काँक्रीट फोडते. जुन्या इमारतीत स्लॅबचे पोपडे पडून सळ्या उघड्या दिसू लागतात त्या यामुळेच. त्यावर नुसते प्लॅस्टर चोपडणे म्हणजे तापावर उपचार न करता कपाळावर पावडर लावण्यासारखे होय.

उलट, जुने काम कधी कधी अपेक्षेपेक्षा दणकट निघते. पुण्यातील चांदणी चौकातील जुना पूल २ ऑक्टोबर २०२२ च्या पहाटे स्फोटकांनी उडविण्यात आला, तेव्हा हे हजारोंनी पाहिले. काँक्रीट फुटले, मात्र सळ्यांचा सांगाडा तग धरून राहिला आणि उरलेले काम उत्खनन यंत्रांना करावे लागले. ‘पूल पडलाच नाही’ म्हणून त्या रात्री विनोद झाले. प्रत्यक्षात तो प्रबलित काँक्रीटचा जाहीर धडाच होता.

एकच तडा, दोन अर्थ

न्हावा-शेवा अटल सेतूचे उद्घाटन १२ जानेवारी २०२४ रोजी झाले. सुमारे २१.८ किलोमीटर लांबीच्या या सेतूला तडे गेल्याचा आरोप त्याच वर्षी जून महिन्यात विरोधकांनी केला. तडे सेतूला नसून उलव्याकडील जोडमार्गाच्या डांबरी थराला आहेत, असा खुलासा प्राधिकरणाने केला. पुढे दोन दिवस आरोप-प्रत्यारोप रंगले. दोन्ही बाजूंच्या समर्थकांनी आपापली छायाचित्रे फिरविली. सामान्य वाचकाच्या हाती मात्र काहीच लागले नाही.

रस्त्याच्या वरच्या थरातील भेग आणि पुलाच्या तुळईतील भेग या दोहोंत जमीन-अस्मानाचे अंतर असते. पहिलीमुळे काम निकृष्ट ठरू शकते, कंत्राटदाराला दंड होऊ शकतो, दुरुस्ती करावी लागते. दुसरीमुळे वाहतूक तत्काळ थांबवावी लागू शकते. याचा अर्थ पहिली क्षम्य आहे असा नव्हे. कोट्यवधी रुपये खर्चून केलेल्या कामाच्या जोडमार्गाचा थर पहिल्याच पावसात का उकलावा, हा प्रश्न रास्तच होता. पण ‘तडा’ या एका शब्दात दोन्ही गोष्टी कोंबल्यामुळे घबराट पसरविणे एका बाजूला सोपे गेले आणि ‘सेतू सुरक्षित आहे’ असे सांगून मूळ प्रश्न झटकणे दुसऱ्या बाजूला.

अंधेरीच्या गोखले पुलाची कथा याच वळणाची आहे. ३ जुलै २०१८ रोजी या पुलाचा पादचारी भाग रेल्वेमार्गावर कोसळला. पुढे पूल पाडून नवा बांधण्यात आला आणि त्याचा पहिला टप्पा २६ फेब्रुवारी २०२४ रोजी खुला झाला. तेव्हा शेजारचा बर्फीवाला उड्डाणपूल त्याला जुळतच नाही, हे साऱ्या शहराने पाहिले. उंचीतील हा फरक दूर करण्यासाठी बर्फीवाला पुलाचा भाग जॅक लावून एका बाजूला सुमारे १.४ मीटर व दुसऱ्या बाजूला सुमारे ६५ सेंटीमीटर उचलण्यात आला. खांबावरील उंचवटे, म्हणजे ‘पेडेस्टल’, नव्याने उभारले गेले. दोन पुलांमधील फट काँक्रीटने सांधण्यात आली. या सांधणीला ‘स्टिचिंग’ म्हणतात. जुलै २०२४ मध्ये जोड वाहतुकीस खुला झाला. ‘जॅकिंग’, ‘पेडेस्टल’, ‘स्टिचिंग’ असे शब्द त्या महिन्यांत रोज कानावर पडत होते आणि त्यांतून एखादा अवघड तांत्रिक पराक्रम चालू असल्याचा भास होत होता. काम अवघड होतेच. परंतु दोन्ही पुलांची पातळी आराखड्यातच का जुळविली गेली नाही, हा अगदी साध्या मराठीतला प्रश्न त्या शब्दांच्या गर्दीत मागे पडला.

परिभाषा अशी ढालही होऊ शकते. गुजरातेत आणंद आणि वडोदरा यांना जोडणारा मही नदीवरील गंभीरा पूल ९ जुलै २०२५ रोजी तुटला आणि किमान २० जणांना जलसमाधी मिळाली. ‘पेडेस्टल आणि आर्टिक्युलेशन चिरडले गेले’ असे प्राथमिक कारण सरकारकडून सांगण्यात आले. आर्टिक्युलेशन म्हणजे एका गाळ्याचे टोक दुसऱ्या गाळ्याच्या टोकावर टेकते तो सांधा. माणसाच्या गुडघ्याप्रमाणे अशा सांध्याची झीज होते आणि म्हणूनच त्याची वारंवार तपासणी करावी लागते. शब्दाचा अर्थ कळताच पुढचा प्रश्न आपोआप सुचतो. शेवटची तपासणी केव्हा झाली आणि ती कोणी केली? अर्थ न कळल्यास मात्र ‘तांत्रिक बिघाड’ एवढेच लक्षात राहते.

दारावरची नोटीस

शहरवासीयाला ही परिभाषा सर्वांत बोचते ती त्याच्या स्वतःच्या घराबाबत. मुंबई महापालिका अधिनियमानुसार ३० वर्षांहून जुन्या इमारतींची नोंदणीकृत संरचना अभियंत्याकडून तपासणी करून घेणे बंधनकारक आहे. यालाच ‘स्ट्रक्चरल ऑडिट’ म्हणतात. तपासणीअंती इमारतीला एक वर्ग मिळतो. सी-१ म्हणजे अतिधोकादायक, राहण्यास अयोग्य आणि पाडण्यायोग्य. सी-२ए म्हणजे रहिवाशांना बाहेर काढून मोठी संरचनात्मक दुरुस्ती करावी अशी. सी-२बी म्हणजे इमारत रिकामी न करता संरचनात्मक दुरुस्ती करता येईल अशी, तर सी-३ म्हणजे किरकोळ दुरुस्तीची.

एका अक्षराने वा आकड्याने कुटुंबाचे भवितव्य बदलते. सी-१ शिक्का बसला की वीज-पाणी तुटू शकते, पोलिसांच्या मदतीने घर रिकामे केले जाऊ शकते. त्यामुळे काही ठिकाणी पुनर्विकासासाठी उतावीळ झालेल्या विकासकाच्या सोयीने वर्ग ठरविला जात असल्याचा संशय रहिवासी व्यक्त करतात, तर काही ठिकाणी खरोखर मोडकळीस आलेल्या इमारतीतील माणसे भाडेहक्क जाण्याच्या भीतीने अहवाल नाकारतात. दोन अभियंत्यांचे दोन अहवाल परस्परविरोधी आले, तर प्रकरण महापालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीपुढे जाते. तेथे टिकाव लागतो तो मतांचा नव्हे, चाचण्यांचा.

या चाचण्यांची नावे रहिवाशांनी घाबरून जावे अशी आहेत. त्यांचे तत्त्व मात्र सोपे आहे. ‘रिबाउंड हॅमर’ काँक्रीटवर आपटून किती उसळी घेतो, यावरून पृष्ठभागाची कठीणता कळते. ‘अल्ट्रासोनिक पल्स’ चाचणीत ध्वनिलहरी काँक्रीटमधून पाठविल्या जातात. आत पोकळी वा भेगा असतील तर त्यांना पोहोचण्यास वेळ लागतो. कर्बवायू किती खोल मुरला हे पाहण्यासाठी ताज्या फोडलेल्या भागावर रसायन फवारतात. निरोगी काँक्रीट गुलाबी होते, बाधित भाग रंगहीन राहतो. ‘कोअर’ चाचणीत खांबाचा वा तुळईचा दंडगोल नमुना कापून तो प्रत्यक्ष दाबून फोडला जातो. अहवालात यांपैकी कोणत्या चाचण्या झाल्या, किती ठिकाणी झाल्या आणि त्यांचे आकडे काय, हे पाहिले तरी अहवाल गांभीर्याने झाला की टेबलावर बसून, याचा अंदाज येतो.

असा अंदाज न घेण्याची किंमत मुंबईने मोजली आहे. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्री नदीवरील ब्रिटिशकालीन दगडी कमानींचा पूल एसटी गाड्यांसह पुरात वाहून गेला. त्यानंतर राज्यभर पुलांच्या तपासणीची मोहीम निघाली. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळच्या हिमालय पादचारी पुलाचीही तपासणी झाली आणि तो ‘किरकोळ दुरुस्ती’ गटात पडला. १४ मार्च २०१९ च्या संध्याकाळी, घरी परतण्याच्या वेळी, तोच पूल कोसळून सात जणांचा बळी गेला. तपासणी बेजबाबदारपणे झाल्याचे महापालिकेच्या प्राथमिक चौकशीतच नमूद करण्यात आले. ‘किरकोळ’ हा एक शब्द किती महागात पडू शकतो, याचे याहून विदारक उदाहरण सापडणार नाही.

कोशातील मराठी आणि कामावरची मराठी

मराठीत हे शब्दच नाहीत, अशी तक्रार अनेकदा केली जाते. ती अर्धीच खरी आहे. १९६० साली स्थापन झालेल्या भाषा संचालनालयाने स्थापत्य अभियांत्रिकीसह अनेक शाखांचे परिभाषा कोश सिद्ध केले आहेत. ‘पूर्वप्रतिबलित काँक्रीट’सारखे शब्द तेथे मिळतात. दुसरीकडे गवंड्याच्या तोंडी ओळंबा, सळई, रिंगा, सेंट्रिंग, ‘पाणी मारणे’ अशी अस्सल चलनी भाषा आहे. ‘पूर्वप्रतिबलित’ साइटवर कुणी उच्चारत नाही आणि ‘रिंगा’ निविदेत कुणी लिहीत नाही. या दोन मराठींच्या मधल्या दरीत इंग्रजी लघुरूपे येऊन बसली आहेत आणि नागरिक त्या दरीच्या काठावर उभा आहे.

यावर उपाय शब्दांचे शुद्धीकरण हा खचितच नव्हे. गर्डर, लाँचर, जॅक हे शब्द आता मराठीच झाले आहेत. गरज आहे ती अर्थ सांगण्याची. प्रत्येक सार्वजनिक कामाच्या फलकावर काँक्रीटची प्रत, दोष दायित्वाचा कालावधी आणि सल्लागाराचे नाव सोप्या मराठीत लिहिणे, प्रत्येक संरचनात्मक अहवालाला एक पानाचा मराठी गोषवारा जोडणे, यासाठी फार मोठ्या निधीची आवश्यकता नाही.

केवळ शब्द कळल्याने दुर्घटना टळतात, असा भाबडा समजही करून घेता कामा नये. १५ जून २०२५ रोजी मावळ तालुक्यात कुंडमळा येथील इंद्रायणीवरील जुना लोखंडी पूल पर्यटकांच्या गर्दीने कोसळला आणि चौघांचा मृत्यू झाला. तेथे कोणतीही अवघड परिभाषा नव्हती. पूल धोकादायक असल्याचा फलक साध्या शब्दांत लावलेला होता. गर्दी पुलावर गेली आणि तिला अडविणारे कुणी नव्हते. शब्दामागे कृती नसेल तर सोपा शब्दही पोकळच ठरतो.

तरीही जेथे प्रश्न विचारण्याचा अधिकार आहे, तेथे तो विचारता येणे ही पहिली पायरी आहे. माहिती अधिकार कायदा २००५ केवळ कागदपत्रे पाहू देतो, असा समज आहे. या कायद्यातील ‘माहितीचा अधिकार’ या व्याख्येत सार्वजनिक कामाची प्रत्यक्ष पाहणी करणे आणि वापरलेल्या साहित्याचे प्रमाणित नमुने घेणे यांचाही समावेश आहे. स्थावर संपदा कायदा २०१६ नुसार ताबा घेतल्यापासून पाच वर्षांत संरचनेतील दोष निदर्शनास आणून दिल्यास विकासकाने ३० दिवसांत तो विनामूल्य दूर करावयाचा असतो. हक्क कागदावर आहेत. मात्र अर्जात ‘पूल चांगला बांधला आहे काय’ असे लिहिणाऱ्याला ‘होय’ असे एका शब्दाचे उत्तर मिळते. ‘२८ दिवसांच्या ठोकळा चाचणीचे निष्कर्ष, बेअरिंगच्या शेवटच्या तपासणीचा दिनांक आणि लाँचरच्या भारचाचणीचे प्रमाणपत्र द्यावे’ असे लिहिणाऱ्याला आकडे द्यावे लागतात, नाहीतर ते नाहीत हे लेखी कबूल करावे लागते.